बिल अडलं, मुदत संपली: नव्या कंत्राटदारानं पहिल्या दिवसापासून काय जपून ठेवावं

थकलेलं बिल मागायला गेलं की समोरून पहिलं वाक्य ठरलेलं असतं: "आधी सांगा, काम वेळेत कुठे झालं?" पैसे मागायला गेलेला माणूस दोन मिनिटांत खुलासे द्यायला लागतो. कारण उशिराच्या दंडाचं कलम करारात असतंच, आणि तो उशीर नेमका कुणामुळे झाला याचा कागद बहुतेक वेळा कंत्राटदाराकडे नसतो. म्हणून बिलाच्या वादाची तयारी उशिराच्या नोंदींपासून करावी लागते, आणि तीही वर्क ऑर्डर हातात पडते त्या दिवसापासून.

मी नाशिक-अहिल्यानगर पट्ट्यात गेली १८ वर्षं कंत्राटदारांची बिलं आणि दावे तयार करतो. मी वकील नाही. वकिलाकडे जाणारी फाइल माझ्या टेबलावर तयार होते, त्यामुळे ती कुठे रिकामी असते हे रोज दिसतं. ज्यांचं हे पहिलं-दुसरं काम आहे, मग ते सरकारी असो, खासगी असो की मोठ्या कंपनीच्या हाताखालचं, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

पायरी १: सही करण्याआधी

निविदेचा दर काढताना आपण रात्र जागवतो आणि करार मात्र शेवटच्या पानावर सही करून परत देतो. निदान एक तास काढून पाच गोष्टी शोधा: बिल दिल्यावर पैसे किती दिवसांत मिळणार, मुदतवाढ कशी मागायची, उशिराचा दंड किती, जादा कामाचा दर कोण ठरवणार आणि वाद झाला तर जायचं कुठे.

सार्वजनिक बांधकाम विभागाच्या बी-१ आणि बी-२ या छापील करार-नमुन्यांत कलम २ दंडाचं आहे आणि कलम ६ मुदतवाढीचं. कलम ६ नीट वाचा. अडथळा आल्यापासून ३० दिवसांच्या आत किंवा कामाची मुदत संपण्याआधी, यांपैकी जे आधी येईल त्याच्या आत, कार्यकारी अभियंत्याकडे लेखी अर्ज करायचा असतो. काम संपत आल्यावर सगळ्या अडथळ्यांचा एकच गठ्ठा अर्ज देण्याची आपल्याकडची रीत इथेच मार खाते. कलम ३० मध्ये वाद अधीक्षक अभियंत्याच्या निर्णयावर सोपवलेला असतो. 'निर्णय अंतिम राहील' असं लिहिलं म्हणजे तो लवाद झाला, असं समजू नका. दोन्ही बाजूंचं ऐकून, पुरावा घेऊन निवाडा देणारा तटस्थ लवाद नेमण्याचं कलम वेगळं असतं. ते तुमच्या करारात आहे की नाही, हे वकिलाकडून सुरुवातीलाच तपासून घ्या.

कंपनीच्या हाताखाली काम घेत असाल तर एक ओळ डोळ्यांत तेल घालून शोधा: 'क्लायंटकडून पैसे आल्यानंतर उपकंत्राटदारास देण्यात येतील.' काही देशांत कायद्यानं या कलमावर बंदी आहे. आपल्याकडे तसा कायदा नाही. मूळ मालकाशी तुमचा करार नसल्यानं साधारणपणे त्याच्यावर थेट दावाही लागत नाही. कलम काढून टाका म्हटलं तर कंपनी ऐकत नाही, म्हणून मी पुढे एवढंच जोडायला सांगतो: 'किंवा बिल सादर केल्यापासून ६० दिवस, यांपैकी जे आधी होईल ते.' ही जोड बऱ्याचदा मान्य होते, कारण सही करून घेण्याच्या दिवशी समोरच्यालाही घाई असते.

'थकीत रकमेवर व्याज देय नाही' असं कलम असेल तर निवाड्याच्या आधीच्या काळाचं व्याज लवादालाही देता येत नाही. मोठ्या कामात ही ओळ लाखांची असते. ती काढता आली नाही, तर निदान दर भरताना हिशेबात धरा.

पायरी २: उशिराची नोंद त्याच दिवशी

या पायरीवर मी सगळ्यात जास्त थांबणार आहे, कारण पुढचं सगळं हिच्यावर उभं आहे.

सिन्नर तालुक्यात एका खासगी संस्थेच्या शाळेची इमारत बांधणारा तरुण कंत्राटदार माझ्याकडे आला होता. कंत्राट ८० लाखांचं, मुदत १२ महिन्यांची. काम १४० दिवस उशिरा संपलं. संस्थेनं कमाल दंड म्हणून १० टक्के, म्हणजे ८ लाख रुपये लावले. अंतिम बिल ११ लाख ४० हजारांचं होतं. त्यातून हे ८ लाख वळते केले आणि उरलेल्या ३ लाख ४० हजारांसाठीही चार महिने फिरवलं.

खरं काय घडलं होतं? खोदाईत एका कोपऱ्यात मातीचा भराव लागला, म्हणून आर्किटेक्टनं फुटिंगचं, म्हणजे खांबाखालच्या पायाचं, ड्रॉइंग बदलायला घेतलं. नवं ड्रॉइंग यायला ४१ दिवस लागले. बांधून ठेवलेल्या जाळ्या जून-जुलैच्या पावसात उभ्या होत्या. सळईला हात लावला की तळवा तांबडा व्हायचा. फिटरची ११ जणांची टोळी परत जाऊ नये म्हणून त्यांना निम्मा रोज देऊन थांबवलं. गोदामातल्या सिमेंटच्या ६० गोण्या दगड झाल्या. पुढे इमारतीवरून जाणारी विजेची तार हलवायला ३३ दिवस गेले. ते काम संस्थेनं करून द्यायचं होतं. तिसरं रनिंग बिल, म्हणजे काम चालू असताना टप्प्याचं दिलेलं बिल, अडल्यानं स्टील आणता आलं नाही, त्यात २२ दिवस. एकूण ९६ दिवस संस्थेच्या बाजूचे, आणि ४४ दिवस खरोखर याच्या स्वतःच्या ढिलाईचे.

मी विचारलं, "कागद काय आहेत?" तो म्हणाला, "साहेबांना रोज फोन करत होतो ना." फोन केल्याचा पुरावा उरत नाही.

तर काय करायचं? साइटवर एक जाड, पानांना क्रमांक असलेली वही ठेवा. सरकारी कामात हिला हिंडरन्स रजिस्टर म्हणतात. खासगी कामात कुणी मागत नाही, तरी ठेवा. प्रत्येक अडथळ्याला एक ओळ: कधी सुरू झाला, कशामुळे, कोणतं काम थांबलं, किती माणसं आणि कोणती यंत्रं बसून राहिली, कधी संपला. शेजारी समोरच्या अभियंत्याची सही. सही देत नसेल तर त्याच दिवशी पत्र पाठवा. पत्र लांबलचक नको. मी हा नमुना देतो:

"विषय: सुधारित फुटिंग ड्रॉइंग न मिळाल्याने थांबलेले काम. महोदय, दि. १२ जून रोजी खोदाईत ए-१ ते ए-४ या भागात भराव लागल्याने आपल्या आर्किटेक्टनी मूळ ड्रॉइंगप्रमाणे काम थांबवण्यास सांगितले. सुधारित ड्रॉइंग आजपर्यंत मिळालेले नाही. ११ फिटर, १ मिक्सर व १ व्हायब्रेटर साइटवर बसून आहेत. ड्रॉइंग मिळेपर्यंतचे दिवस मुदतीत वाढवून मिळावेत. या काळातील खर्च मागण्याचा आमचा हक्क राखून हे पत्र देत आहोत."

या पत्रातलं शेवटचं वाक्य कधीही गाळू नका. भारतीय करार कायदा १८७२ च्या कलम ५५ नुसार, वेळ हा करारातला कळीचा मुद्दा असताना ठरलेली वेळ उलटून झालेलं काम समोरच्यानं स्वीकारलं आणि स्वीकारताना नुकसानभरपाई मागणार असल्याची नोटीस दिली नाही, तर उशिराची भरपाई त्याला मागता येत नाही. हे तत्त्व आपल्यावरही उलटतं. मालकामुळे झालेल्या उशिरासाठी आपण गुपचूप मुदतवाढ घेतली आणि खर्चाचं काहीच बोललो नाही, तर पुढे 'तेव्हा का बोलला नाहीत?' हा प्रश्न येतो. मुदतवाढीच्या छापील अर्जात 'कोणतीही भाववाढ वा नुकसानभरपाई मागणार नाही' अशी ओळ आधीच टाइप केलेली असते. सही करण्याआधी ती वाचा. सही करावीच लागली, तर त्याच आठवड्यात आपली हरकत वेगळ्या पत्रानं नोंदवा.

पत्राची पोच हवीच. सरकारी कार्यालयात आवक शाखेत पत्र देऊन स्वतःच्या प्रतीवर तारीख आणि आवक क्रमांकासह शिक्का घ्या. शाखा अभियंत्याच्या हातात दिलेलं पत्र पत्रात जमा नाही. खासगी कामात करारात दिलेल्या ईमेलवर पाठवा आणि स्पीड पोस्टनंही पाठवा. व्हॉट्सॲपवरचे संदेश चालतात, पण कोर्टात इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत भारतीय साक्ष अधिनियम २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं. ज्या फोनवर ते संदेश आले तो फोन विकू नका, आणि चॅट दर महिन्याला एक्स्पोर्ट करून ठेवा.

उशिराचा वाद आपल्याच जिल्ह्यातल्या एका कामात कुठवर गेला ते पाहा. नाशिक डाव्या कालव्यावर आळंदी नदी ओलांडणाऱ्या जलसेतूचं काम १९५५ मध्ये हिंद कन्स्ट्रक्शन कॉन्ट्रॅक्टर्सना मिळालं. मुदत १२ महिन्यांची होती. मुदत उलटल्यावर ऑगस्ट १९५६ मध्ये सरकारनं कंत्राट रद्द केलं. पावसामुळे कामाला मिळालेले थोडे महिने आणि साइटवर पोचायच्या वाटेच्या अडचणी कंत्राटदारानं मांडल्या. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि १९७९ मध्ये निकाल लागला. न्यायालयानं म्हटलं की करारात मुदतवाढीची तरतूद आहे, उशिरासाठी दर दिवसाचा दंडही ठरवलेला आहे. अशा करारात केवळ '१२ महिने' लिहिलंय म्हणून वेळ हा कराराचा प्राण ठरत नाही. नवी वाजवी मुदत न देता थेट करार मोडणं चुकीचं होतं. आजही मुदतीच्या वादात वकील या निकालाकडे वळतात. १९५६ ते १९७९ हा काळही लक्षात ठेवा. एवढी वर्षं झगडायचं तर त्या वर्षीचे कागद तेवढी वर्षं टिकले पाहिजेत.

दिवस मोजताना एक काळजी घ्या. दोन अडथळे एकाच वेळी चालू असतील तर ते दिवस एकदाच धरा. दुप्पट मोजलेला एक आठवडा समोरच्या वकिलानं दाखवून दिला की बाकीच्या तक्त्यावरचा विश्वासही जातो. स्वतःमुळे झालेला उशीरही तक्त्यात मांडा. सिन्नरच्या तक्त्यात मी ते ४४ दिवस ठळक अक्षरात लिहिले होते.

पायरी ३: मोजमाप आणि बिल

सरकारी कामात मेजरमेंट बुक, म्हणजे मोजमापाची वही किंवा एमबी, ही बिलाची आई. एमबीत न चढलेलं काम बिलात येत नाही. झाकलं जाणारं काम, म्हणजे पाया, स्टील, जमिनीखालचे पाइप, झाकण्याआधी संयुक्त मोजमाप करून घ्या आणि टेप लावलेला फोटो काढा. नोंद शाईत आहे ना, खाडाखोडीवर अभियंत्याची सही आहे ना, ते स्वतः बघा. 'पेन्सिलनं लिहून ठेवतो, नंतर पक्कं करू' असं कुणी म्हणालं तर तिथेच थांबा. मोजमाप मान्य नसेल तर 'मान्य' लिहून सही करू नका. 'हरकतीसह' लिहा आणि हरकत पत्रानं कळवा.

एमबीची प्रत मिळत नसेल तर माहिती अधिकारात मागा. अर्जाला १० रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावायचं. उत्तर ३० दिवसांत द्यावं लागतं. बिलावरचे शेरे, टिपणी, निधीच्या मागणीची पत्रं हे सगळं त्याच अर्जात मागून घ्या. विभागाच्या आतल्या टिपणीत 'कंत्राटदाराचे देयक निधीअभावी प्रलंबित' असं वाक्य सापडलं तर त्याची साक्षांकित प्रत सोन्यासारखी जपा. का, ते पुढे येईल.

जादा काम तोंडी सांगितलं जातं: "एवढी कंपाउंड वॉल घेऊन टाका, एक्स्ट्रा आयटममध्ये बसवू." काम सुरू करण्याआधी एक ईमेल टाका की आजच्या सूचनेप्रमाणे हे जादा काम अमुक दराने सुरू करत आहोत. लेखी आदेश नसला तरी सगळं बुडत नाही. फुकटात करण्याचा हेतू नसताना केलेल्या आणि समोरच्यानं उपभोगलेल्या कामाची भरपाई करार कायद्याच्या कलम ७० खाली मागता येते. पण ती लढाई लांबची आहे, आणि त्या ईमेलला दोन मिनिटं लागतात.

बिल कमी आलं म्हणजे पैसे अडवले असं लगेच धरू नका. आयकराचा टीडीएस, म्हणजे वैयक्तिक मालकीच्या फर्मला १ टक्का आणि कंपनी किंवा भागीदारीला २ टक्के, जीएसटीचा टीडीएस, कामगार कल्याणाचा १ टक्का उपकर, सुरक्षा अनामत या रीतसर वजावटी आहेत. टीडीएस तुमच्या खात्यावर दिसतो, अनामत दोषदायित्व कालावधी, म्हणजे कामातले दोष तुम्हीच दुरुस्त करून द्यायचा काळ, संपल्यावर परत मिळायची असते. एका कागदावर दोन रकाने करा: 'नियमानं कापलेलं' आणि 'अडवलेलं'. पहिल्यांदा हा कागद केला की बहुतेक जणांचा थकबाकीचा आकडा खाली येतो, आणि उरलेल्या आकड्यावर मग ठामपणे बोलता येतं.

पायरी ४: मागणी

ठरलेली तारीख उलटली की सात दिवसांत पहिलं मागणीपत्र जायला हवं. त्यात बिल क्रमांक, तारीख, रक्कम, करारातलं कलम आणि व्याजाची स्पष्ट मागणी लिहा. व्याज अधिनियम १९७८ मध्ये, करारात दर नसला तरी, लेखी मागणी केल्याच्या तारखेपासून व्याज देण्याचा अधिकार न्यायालयाला आहे. व्याज मागितलंच नाही तर ती तारीख सुरूच होत नाही.

केंद्र सरकारच्या कामात आणखी एक आधार आहे. अर्थ मंत्रालयानं २९ ऑक्टोबर २०२१ रोजी काढलेल्या सूचनांप्रमाणे रनिंग बिलाच्या पात्र रकमेपैकी किमान ७५ टक्के रक्कम बिल दिल्यापासून १० कामकाजाच्या दिवसांत आणि उरलेली तपासणी करून, बिल दिल्यापासूनच २८ कामकाजाच्या दिवसांत द्यायची आहे. पत्रात याचा उल्लेख केला की उत्तर लवकर येतं, असा माझा अनुभव आहे.

पैसे नाहीत म्हणून काम एकदम सोडून निघून येऊ नका. मालकाला हवं असतं तेच. तो 'कंत्राटदार पळाला' म्हणून करार मोडतो, बँक गॅरंटी, म्हणजे तुमच्या बँकेनं त्याला लिहून दिलेली पैशाची हमी, वटवतो आणि उरलेलं काम तुमच्या खर्चानं दुसऱ्याकडून करून घेतो. बँक गॅरंटी वटवण्यावर न्यायालय फसवणूक किंवा कधीच भरून न येणारं नुकसान एवढ्याच कारणांवर स्थगिती देतं. तसं क्वचितच घडतं. म्हणून आधी काम थांबवण्याचा हक्क करारात आहे का पाहा. नसेल तर वकिलाला विचारल्याशिवाय पाऊल टाकू नका, आणि पैशाअभावी वेग कमी होतोय हे तारखेसह कळवत राहा. करार मोडल्याचं पत्र आलंच तर त्याच दिवशी संयुक्त मोजमापाची लेखी मागणी करा आणि अख्ख्या साइटचं व्हिडिओ चित्रण करा. नवा कंत्राटदार आत आल्यावर तुमची वीट कुठली आणि त्याची कुठली, हे कुणालाच सांगता येत नाही.

आणखी एक फास आहे, 'ना-दावा प्रमाणपत्र'. 'यापुढे माझी कोणतीही मागणी नाही' असं लिहून दिल्याशिवाय अंतिम बिल सोडत नाहीत. पैशाच्या अडचणीत दबावाखाली घेतलेली अशी सही तुमचा हक्क आपोआप संपवत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २००८ च्या बोघारा पॉलिफॅब निकालात स्पष्ट केलं आहे. पण दबाव होता हे दाखवावं लागतं. रक्कम खात्यात जमा झाल्याबरोबर, एक-दोन दिवसांत, 'सही अडचणीपोटी केली, उरलेली मागणी कायम आहे' असं पत्र गेलं पाहिजे. सहा महिन्यांनी आठवलेला दबाव कुणी मानत नाही.

पायरी ५: कुठल्या दारात जायचं

करारात लवादाचं कलम असेल तर सुरुवात लवाद कायदा १९९६ च्या कलम २१ च्या नोटिशीनं होते. समोरच्यानं लवाद नेमायला नकार दिला तर उच्च न्यायालयात अर्ज करायचा. 'आमचे व्यवस्थापकीय संचालक लवाद नेमतील' असं जुन्या करारांत हमखास असतं. वादात हितसंबंध असलेल्या पक्षानं एकट्यानं एकमेव लवाद नेमणं चालत नाही, हे २०१९ पासून आणि पुढे ८ नोव्हेंबर २०२४ च्या घटनापीठाच्या निकालानं पक्कं झालं आहे. त्यामुळे त्यांनी परस्पर नेमलेल्या माणसासमोर मुकाट्यानं हजर राहण्याआधी वकिलाला विचारा.

लवादाचं कलम नसेल तर ३ लाखांपुढच्या बांधकाम कराराचा वाद वाणिज्यिक न्यायालयात जातो. तातडीचा आदेश मागायचा नसेल तर दाव्याआधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थी सक्तीची आहे. राज्य किंवा केंद्र सरकारवर दावा असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस लागते. महापालिका आणि जिल्हा परिषदांच्या कायद्यांतही अशा आपापल्या तरतुदी आहेत. वकिलाला पहिला प्रश्न हाच विचारा.

सरकारनं रक्कम लेखी मान्य केलीय आणि फक्त निधीचं कारण पुढे करतंय, अशा वेळी उच्च न्यायालयात रिट याचिका हा मार्ग असू शकतो. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरबरोबर १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरलाही सर्किट बेंच सुरू झालं आहे. रकमेबद्दलच वाद असेल तर मात्र न्यायालय दिवाणी दाव्याकडेच पाठवतं.

उद्यम नोंदणी, म्हणजे सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग म्हणून सरकारी नोंदणी, असलेल्यांना सगळे जण अशा उद्योगांची थकबाकी सोडवणाऱ्या एमएसएमई कौन्सिलकडे जा म्हणतात. कायदा खरंच जोरदार आहे. पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यायचे, उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दरानं दरमहा चक्रवाढ व्याज, आणि निवाड्याला आव्हान द्यायचं तर आधी ७५ टक्के रक्कम भरायची. पण माल आणि मजुरी दोन्ही एकत्र असलेल्या वर्क्स कॉन्ट्रॅक्टला हा कायदा लागू नाही, असं मुंबई उच्च न्यायालयानं आपल्या निकालांत म्हटलं आहे. त्यामुळे नुसती खडी, स्टील, विटा पुरवणाऱ्याला किंवा फक्त मजुरीचं काम घेणाऱ्याला हे दार जास्त उपयोगी आहे. नोंदणी कराराच्या आधीची असावी, हेही सांभाळा.

चेक दिला आणि तो वटला नाही, तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, नोटीस पोचल्यापासून १५ दिवसांची वाट आणि त्यानंतर महिन्याच्या आत तक्रार, हा क्रम एका दिवसानंही चुकवू नका. कंपनीला दिवाळखोरीच्या न्यायाधिकरणात खेचण्याचा सल्लाही मिळेल. त्याला किमान १ कोटींची थकबाकी लागते, आणि तुमच्या नोटिशीच्या आधीपासून रकमेबद्दल खरा वाद असेल तर अर्ज टिकत नाही. महारेरा घर घेणाऱ्यांसाठी आहे. कंत्राटदाराच्या बिलासाठी तिथे जाण्यात वेळ घालवू नका.

पायरी ६: तीन वर्षं

केलेल्या कामाच्या पैशासाठी मुदत कायदा १९६३ प्रमाणे साधारण तीन वर्षं मिळतात. सगळ्यात जास्त दावे इथे मरतात. "साहेब चांगले आहेत, मार्चमध्ये बिल निघेल" असं म्हणत तीन मार्च जातात. तुम्ही पाठवलेल्या स्मरणपत्रांनी ही मुदत वाढत नाही, मग पन्नास पाठवा. मुदत नव्यानं सुरू होते ती समोरच्यानं देणं असल्याचं लिहून, सही करून मान्य केलं तर, आणि तेही मूळ तीन वर्षं संपण्याआधी. 'निधीअभावी प्रलंबित' हे वाक्य म्हणूनच मोलाचं. तुम्हाला आलेल्या पत्रात असेल तर उत्तमच. आतल्या टिपणीवर सही कुणाची, तारीख कोणती, ते वकिलाला दाखवा. प्रत्येक बिलाच्या तारखेपुढे तीन वर्षांची तारीख लाल शाईनं लिहून ऑफिसच्या भिंतीवर लावा. अडीच वर्षं झाली की साहेब कितीही चांगले असोत, वकिलाकडे जा.

पायरी ७: मागायचं किती, आणि मिटवायचं कसं

उशिराच्या दंडाला आव्हान देताना दोन गोष्टी मांडता येतात: उशीर मालकामुळे झाला, आणि त्याचं तेवढं नुकसान झालंच नाही. करारात आकडा लिहिला म्हणजे तो पूर्ण वसूल करण्याचा हक्क मिळत नाही. करार कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे तो आकडा ही कमाल मर्यादा असते आणि भरपाई वाजवीच मिळते. नुकसान झालंच नसेल तर दंड नाही, हे २०१५ च्या कैलाशनाथ असोसिएट्स निकालात आलं आहे. शाळा जूनमध्ये जुन्या इमारतीत नेहमीप्रमाणे भरली, भाडं द्यावं लागलं नाही, हा मुद्दा सिन्नरच्या प्रकरणात याच आधारावर मांडला.

आपण मागतो त्या नुकसानीलाही हाच न्याय लागतो. बसून राहिलेल्या माणसांचे मस्टर, यंत्राच्या भाड्याची बिलं, बँकेतून गेलेले पैसे दाखवा. बुडालेल्या नफ्यासाठी नुसतं सूत्र मांडून आकडा काढला तर तो टिकत नाही. त्या काळात दुसरं काम हातातून गेलं याचा पुरावा लागतो, असं सर्वोच्च न्यायालयानं २०२३ मध्ये आकाशवाणीविरुद्धच्या एका बांधकामाच्या प्रकरणात सांगितलं.

सिन्नरच्या त्या तरुणाकडे कागद नव्हते, तरी एक सापडला. ड्रॉइंगला ४१ दिवस लागल्याची कबुली संस्थेनंच आर्किटेक्टला पाठवलेल्या ईमेलमध्ये होती, आणि त्या ईमेलची प्रत यालाही आली होती. तारेसाठी वीज कंपनीकडून अर्जाच्या तारखा मिळवल्या. उरलेल्या २२ दिवसांचं काहीच मिळालं नाही, ते सोडून दिले. मध्यस्थीत ८ लाखांचा दंड अडीच लाखांवर आला.

तडजोडीचा कागद करताना मी चार गोष्टी लिहून घेतल्या. ८ लाख ९० हजार रुपये तीन हप्त्यांत, प्रत्येक हप्त्याची तारीख लिहून आणि तिन्ही चेक त्याच बैठकीत हातात. एक हप्ता चुकला तर उरलेली सगळी रक्कम १२ टक्के व्याजासह लगेच देय. त्यातला टीडीएस किती आणि जीएसटी कुणी भरायचा. आणि बँक गॅरंटीचा मूळ कागद पहिल्या हप्त्यासोबत परत. हा शेवटचा मुद्दा त्याच्या लक्षातच नव्हता. गॅरंटीची मुदत अजून सात महिने बाकी होती, आणि ती संस्थेच्या कपाटात पडून राहिली असती.